मध, मसाले आणि लांकडी साचे

इसवी सन १४३० च्या सुमारास इंग्लंडांत लिहिलेल्या पाककृतींच्या एका हस्तलिखितांत ‘जिंजरब्रेड’ करण्याची रीत दिली आहे. मध उकळून त्यावरचा फेंस काढावा, त्यांत केशर आणि मिऱ्यांची पूड घालावी, पावाचा चुरा मिसळून तो गोळा सुरीनें कापतां येईल इतका घट्ट करावा, वर दालचिनीची पूड भुरभुरावी, मग चौकोनी वड्या पाडून त्यांवर हिरवीं पानें लवंगांनीं टोंचून बसवावीं. वड्या तांबड्या हव्या असल्यास रक्तचंदन घालावें, अशी पुस्तीही शेवटीं जोडली आहे. या कृतींत भट्टीचें नांव नाहीं. आणि मौज अशी कीं, ज्याच्या नांवानें हा पदार्थ ओळखला जातो त्या आल्याचेंही नांव नाहीं. लिहिणारा तें विसरला असावा, असें कांहीं अभ्यासक म्हणतात. विसरला असो वा नसो, त्यानें जीं नांवें लिहिलीं त्यांकडे पाहावें. मिरें मलबारचें, दालचिनी सिंहलद्वीपाची, लवंग मोलुक्का बेटांची आणि रक्तचंदन दक्षिण हिंदुस्थानच्या डोंगरांतलें. मध आणि पावाचा चुरा घरचा; चव मात्र सारी परक्या किनाऱ्यांची.

आल्याचा शब्दही असाच दूरचा प्रवास करून गेलेला आहे. आपण मराठींत ‘आलें’ म्हणतों तें संस्कृत ‘आर्द्रक’ शब्दावरून. परंतु संस्कृतांत याच कंदाला ‘शृंगवेर’ असेंही म्हणत. पालींत तो शब्द ‘सिंगिवेर’ झाला, ग्रीकांनीं त्याचें ‘झिंगिबेरिस’ केलें, लॅटिनमधून तो फ्रेंचांकडे आणि फ्रेंचांकडून इंग्रजांकडे गेला. मूळ शब्द संस्कृत नसून द्राविडी असावा आणि शिंगाची व्युत्पत्ति मागाहून जोडली गेली असावी, असें मानणारे पंडितही आहेत. तें कसेंही असो. मध्ययुगीन लॅटिनमध्यें ‘जिंगिब्राटुम्’ म्हणजे मुरवलेलें आलें, एवढाच अर्थ होता. त्याचें फ्रेंच रूप इंग्रजांच्या कानीं पडलें तेव्हां त्याचा शेवट त्यांना ‘ब्रेड’सारखा ऐकूं आला, आणि एका औषधी मुरंब्याचा पाहतां पाहतां पाव झाला! इतर देशांनीं मान दिला तो आल्याला नव्हे, मिऱ्याला. जर्मनीच्या कांहीं भागांत या पदार्थाला ‘फेफरकूखेन’ म्हणजे मिऱ्याची पोळी म्हणतात, स्वीडनमध्यें ‘पेपारकाका’, आणि पोलंडमधील ‘पिएर्निक’ हा शब्दही मिऱ्यावरूनच निघाला आहे. दुरून येणाऱ्या सगळ्याच मसाल्यांना त्या काळीं ‘मिरें’ म्हणण्याचा परिपाठ होता.

आज नाताळ जवळ आला म्हणजे युरोप-अमेरिकेंतील असंख्य घरांत या मसाल्याच्या पिठाचीं बिस्किटें कापलीं जातात. माणसें, तारे, बदाम, लहानसें घरकुल अशा आकृती भाजून निघतात आणि मुलें त्यांवर पांढऱ्या साखरेची नक्षी काढतात. हें काम इतकें घरगुती दिसतें कीं, तें पहिल्यापासून घरांतलेंच असावें असें वाटावें. वस्तुतः तें घरांत यावयास कित्येक शतकें लागलीं. मध सम्राटाच्या अरण्यांत, मसाले मूठभर व्यापाऱ्यांच्या वखारींत आणि घडविण्याची कला विशिष्ट कारागिरांच्या हातांत, अशी या पदार्थाची वांटणी झालेली होती. ही वांटणी कशी झाली आणि कशी मोडली, हें सर्वांत स्पष्ट दिसतें तें जर्मनींतील न्यूरेंबर्ग शहरांत.

न्यूरेंबर्गच्या सभोंवारची जमीन रेताड, आणि तीवर चिडाच्या झाडांचें विस्तीर्ण अरण्य. या अरण्याला ‘सम्राटाची मधमाश्यांची बाग’ असें नांव पडलें होतें. मध गोळा करणाऱ्यांना तेथें ‘त्साइडलर’ म्हणत. उंच झाडाच्या बुंध्यांत जमिनीपासून बरेंच वर ते पोकळी कोरीत, तिच्या तोंडाशीं फळी बसवीत, आणि माश्यांनीं तेथें पोळें केलें म्हणजे दोरावरून चढून मध काढीत. १३५० सालीं सम्राट चौथा चार्ल्स यानें या लोकांना हक्कांची सनद दिली. त्यांना आडधनुष्य बाळगण्याचा अधिकार होता, आणि फॉइख्ट या गांवीं त्यांचें स्वतःचें न्यायासनही होतें. त्याच्या बदल्यांत सम्राटाला मधाचा कर पोंचवावा लागे. मधाइतकेंच, किंबहुना त्याहूनही अधिक, महत्त्व मेणाला होतें. कारण चर्चमधील मेणबत्त्यांना तें लागे. दक्षिण जर्मनींत आणि ऑस्ट्रियांत मधाच्या पोळ्या करणें व मेणबत्त्या ओतणें हे दोन धंदे पुष्कळदां एकाच घरांत चालत, याचें कारण हेंच. एकाच पोळ्यांतून एक जिन्नस देवासाठीं निघे आणि दुसरा जिभेसाठीं.

मध दाराशीं होता. पण नुसत्या मधानें लेबकूखेन होत नाहीं. ‘लेबकूखेन’ हें या पदार्थाचें न्यूरेंबर्गी नांव. त्याला मसाला हवा, आणि मसाला येई तो व्हेनिसहून. अरबी गलबतांनीं तांबड्या समुद्रापर्यंत, तेथून उंटांवरून अलेक्झांड्रियाला, पुन्हां जहाजांनीं व्हेनिसला आणि व्हेनिसहून आल्प्स पर्वताच्या खिंडींतून उत्तरेस, असा मलबारच्या मिऱ्याचा मार्ग होता. व्हेनिसच्या सरकारानें जर्मन व्यापाऱ्यांसाठीं एक मोठी वखार बांधून दिली होती. त्यांनीं तेथेंच राहावें, तेथेंच माल ठेवावा आणि सरकारच्या नजरेसमोर व्यवहार करावा, असा नियम असे. न्यूरेंबर्गचे व्यापारी या मार्गावर इतके श्रीमंत झाले कीं, लोक त्यांना चेष्टेनें ‘मिऱ्यांचीं पोतीं’ म्हणूं लागले.

वास्को द गामा १४९८ सालीं कालिकतला पोंचला आणि या जुन्या मार्गाला हादरा बसला. १५०५ च्या जानेवारींत व्हेनिसमधील जर्मनांची वखार आगींत जळाली, आणि त्याच वर्षीं मार्चमध्यें लिस्बनहून फ्रान्सिस्को द आल्मैदाचें आरमार हिंदुस्थानाकडे निघालें. त्यांतील तीन जहाजांत जर्मन व इटालियन व्यापाऱ्यांनीं भांडवल घातलें होतें. ऑग्सबर्गच्या वेल्झर पेढीचा वाटा २०,००० डुकाटांचा. न्यूरेंबर्गच्या इम्होफ घराण्यानें ३,००० आणि हिर्शफोगेल घराण्यानें २,००० डुकाट गुंतविले. वेल्झरांच्या वतीनें बाल्थाझार श्प्रेंगर नांवाचा इसम या सफरीवर गेला, आणि परत आल्यावर त्याचें प्रवासवर्णन १५०९ सालीं छापून निघालें. हान्स बुर्कमायर या चित्रकारानें याच सफरीच्या माहितीवरून कोचीनच्या राजाची मिरवणूक लांकडी ठशांत कोरली. मिऱ्याच्या गांवचा राजा जर्मन माणसानें असा प्रथम कागदावर पाहिला.

पुढें हा संबंध गोव्यापर्यंत येऊन पोंचला. फर्डिनंड क्रॉन हा ऑग्सबर्गचा तरुण १५८७ मध्यें जर्मन व्यापाऱ्यांचा गुमास्ता म्हणून हिंदुस्थानांत आला, प्रथम कोचीनला राहिला आणि नंतर गोव्यांत स्थायिक होऊन तेथील मोठ्या धनिकांत गणला गेला. अखेरीस पोर्तुगीज अधिकाऱ्यांचा रोष होऊन त्याला गोवा सोडावें लागलें. आपल्या पश्चिम किनाऱ्याच्या इतिहासांत पोर्तुगीज, डच आणि इंग्रज यांचीं नांवें वारंवार येतात. जर्मन पेढ्यांचे हे गुमास्ते मात्र बहुधा निसटून जातात. नाताळच्या एका वडींत मसाला किती, चिमूटभर. पण त्या चिमटीमागें जहाजें, कर्जें आणि वैरें उभीं होतीं.

न्यूरेंबर्गांत लेबकूखेन करणाऱ्याची पहिली लेखी नोंद १३९५ सालची आहे. त्याच्या कामाची रीत आजच्या बिस्किटांहून अगदीं निराळी. मध तापवून त्यांत पीठ मिसळावयाचें आणि तो गोळा लांकडी पिंपांत घालून थंड तळघरांत आठवडेच्या आठवडे, कधीं महिनेच्या महिने ठेवून द्यावयाचा. पोलंडमधील तोरून गांवीं तर मुलगी जन्मली कीं गोळा भिजवीत आणि तिच्या लग्नांत तो भाजीत, अशी आख्यायिका आहे. असल्या गोष्टींत अतिशयोक्ति असावयाचीच. परंतु मुरविण्यामागील कारण खरें आहे. दीर्घ काळ ठेवलेल्या त्या पिठांत हळूहळू आम्लता उत्पन्न होते. भाजण्यापूर्वीं त्यांत लांकडाच्या राखेपासून काढलेला क्षार मळला म्हणजे आम्ल आणि क्षार यांच्या संयोगानें वायु सुटतो व जड गोळा हलका होतो. हरणाच्या शिंगापासून काढलेला दुसरा एक क्षारही याच कामीं वापरीत. आपल्याकडे पापडखाराचें मर्म जाणणाऱ्या गृहिणीला यांत नवल वाटण्याचें कारण नाहीं.

नाताळाशीं या पदार्थाची गांठ पडली तीही अशीच व्यवहारांतून. नाताळापूर्वीच्या आठवड्यांत जुन्या ख्रिस्ती रीतीप्रमाणें उपवास असे, आणि लोणी, दूध, अंडीं हीं त्या काळांत वर्ज्य. मध, पीठ आणि मसाला एवढ्यावरच भागणारी, महिनोगणती टिकणारी ही वडी उपवासालाही चाले आणि सणालाही पुरे. मसाले पचनास हितकर मानले जात, म्हणून मठांतील औषधालयांतही तिला जागा होती. भाजतांना मधाचें पीठ तव्याला चिकटूं नये म्हणून तिच्याखालीं पातळ पांढरा पापुद्रा घालण्याची न्यूरेंबर्गची पद्धत. हा पापुद्रा चर्चमधील प्रसादाच्या पापुद्र्याचाच भाऊबंद आहे.

या पदार्थावर खरी कला दिसे ती साच्यांत. पेरूच्या जातीच्या नव्हे, तर नासपतीच्या घट्ट लांकडाच्या फळीवर कारागीर आकृति उलटी आणि खोल कोरीत असे. घोडेस्वार, रथांत बसलेली सरदारीण, संत, राजचिन्हें, बदाम. नवदांपत्याला देण्यासाठीं दुपट्यांत गुंडाळलेलें तान्हें मूल. साच्यावर पीठ भुरभुरून त्यांत मधाचा गोळा दाबून बसवावयाचा, अलगद उलटावयाचा, आणि रात्रभर वाळूं देऊन मग भाजावयाचा. या कामासाठीं पीठ फार फुगून चालत नसे. नाहींतर सरदारणीच्या झालरीची प्रत्येक चुणी कशी राहावी? गुढीपाडव्याच्या गाठी लांकडी साच्यांत ओतणाऱ्या आपल्या हलवायाला या कामाचें अर्धें रहस्य सांगावें लागणार नाहीं. पण त्या साच्यांतील कोरीव काम पाहून तोही थक्क होईल. ज्या काळांत सामान्य घरांत चित्र नव्हतें, त्या काळांत हीं खाण्याचीं चित्रेंच लोकांच्या हातीं पडत. राजेलोकांनाही त्याचा मोह आवरला नाहीं. १४८७ सालीं सम्राट तिसरा फ्रेडरिक न्यूरेंबर्गांत असतां त्यानें शहरांतील मुलांना किल्ल्याच्या खंदकांत जमविलें आणि आपला मुखवटा उठविलेलें लेबकूखेन प्रत्येकाला वांटलें. मुलें सुमारें चार हजार होतीं असें सांगतात. आपलीच मूर्ति खावयास देणारा हा राजा विरळाच! इंग्लंडची राणी पहिली एलिझाबेथ हिनेंही आपल्या दरबारांतील पाहुण्यांच्या आकृती जिंजरब्रेडमध्यें करवून त्यांना दिल्याची कथा प्रसिद्ध आहे. आजच्या ‘जिंजरब्रेडच्या माणसा’चें जनकत्व तिच्याकडे देतात तें या कथेवरूनच.

ही कला ज्यांच्या हातीं होती त्यांचें जिणें मात्र बंधनांचें. इतर शहरांत कारागिरांच्या श्रेणी स्वतःचे नियम स्वतः करीत. न्यूरेंबर्गांत १३४८-४९ मध्यें कारागिरांनीं बंड केलें आणि तें मोडल्यावर नगरसभेनें श्रेणींना बंदी केली. तेव्हांपासून प्रत्येक धंदा नगरसभेच्या हुकमाखालीं. लेबकूखेनवाले पावभट्टीवाल्यांतच मोडत. आपला धंदा वेगळा आहे हें मान्य करून घ्यावयास त्यांना १६४३ साल उजाडावें लागलें. त्या वेळीं तीस वर्षांचें युद्ध चालू होतें, जर्मनी होरपळून निघाली होती; आणि अशा दिवसांतही कोणी काय भाजावें हा तंटा शहराला महत्त्वाचा वाटला. तो क्षुल्लक नव्हे. मध, साचा आणि मुरलेल्या पिठाचीं पिंपें यांतच ज्याचें सारें भांडवल अडकलें आहे, त्याच्या दृष्टीनें शेजारच्या पाववाल्यानें नाताळांत चार पोळ्या भाजून विकणें म्हणजे वर्षाच्या कमाईवर घाला होता. घरांत कोणीच हा पदार्थ करीत नसे असें नाहीं. श्रीमंत घराण्यांतील स्त्रियांनीं त्याच्या कृती लिहून ठेवल्या, आणि सोळाव्या शतकांतील अशी एक कृति न्यूरेंबर्गच्या जर्मन राष्ट्रीय संग्रहालयांत जपून ठेवलेली आहे. परंतु सामान्य घरांत चूल असली तरी भट्टी नव्हती, आणि मसाला तोळ्यानें घेण्याचीही ऐपत नव्हती.

व्हिस्चुला नदीवरील तोरून हें न्यूरेंबर्गचें प्रतिस्पर्धी. तेथील पिएर्निकचा लौकिक मोठा. तरुण शोपँ १८२५ सालीं तें गांव पाहावयास गेला, आणि मित्राला पत्र लिहितांना जुन्या इमारतींपेक्षां या वड्यांनींच आपल्यावर अधिक छाप पाडल्याचें त्यानें कळविलें. कोपर्निकसच्या जन्मगांवीं जाऊन खाऊचें वर्णन करणाऱ्या पंधरा वर्षांच्या मुलाला कोण दोष देईल?

जुनी व्यवस्था मोडली ती कोणा एका कायद्यानें नव्हे. १७४७ मध्यें मार्ग्राफ या बर्लिनच्या रसायनशास्त्रज्ञानें बीटच्या मुळांत उसासारखीच साखर असल्याचें दाखविलें. त्याचा शिष्य आखार्ड यानें एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं सायलेशियांत बीटच्या साखरेचा पहिला कारखाना काढला. साखर हळूहळू स्वस्त झाली आणि मधाचें राज्य संपलें. मसाल्याची मक्तेदारी डचांबरोबर आणि त्यांच्या मागोमाग ढासळली होतीच. १८६८ सालीं बव्हेरियांत धंद्याचें स्वातंत्र्य आलें व १६४३ च्या हक्काला अर्थ उरला नाहीं. आणि या साऱ्यांहून मोठें परिवर्तन घडविलें तें लोखंडी शेगडीनें. तिच्या पोटांत लहानशी भट्टी असे. ती मध्यमवर्गाच्या स्वयंपाकघरांत आली तेव्हां घरची बाई प्रथमच नाताळची वडी स्वतः भाजूं शकली.

पण तिच्याजवळ साचा नव्हता. कोरीव फळी महाग, आणि ती वापरण्याचें कसब हातांत नाहीं. तिनें पत्र्याच्या कापणीनें साध्या आकृती कापल्या आणि अंड्याच्या पांढऱ्या बलकांत साखर फेटून वर रेघा ओढल्या. आज जी सजावट या बिस्किटांचा प्राण समजली जाते, ती अशी एका उणिवेची भरपाई म्हणून आली. पूर्वीं चित्र पिठाच्या अंगांतच असे. आतां तें वरून लिहिलें जाऊं लागलें. साच्याचें काम शंभरपट सुंदर, यांत वाद नाहीं. पण त्यांतील घोडेस्वार दर वर्षीं तोच. आणि मुलानें काढलेला वांकड्या डोळ्यांचा माणूस पुन्हां दुसरा होत नाहीं. साचा कोरणाऱ्याला मुलाच्या हाताची गरज नव्हती, साखरेच्या रेघेला ती आहे.

घरकुलाची कथा निराळी. ग्रिम बंधूंनीं १८१२ सालीं ‘हेन्झेल आणि ग्रेटेल’ ही गोष्ट छापली. तींतील चेटकिणीचें घर पावाचें आहे, छप्पर केकचें आणि खिडक्या स्वच्छ साखरेच्या. लेबकूखेनचा उल्लेख नाहीं. दुष्काळांत आईबापांनीं रानांत सोडलेल्या उपाशी मुलांची ती गोष्ट. त्यांना दिसलेलें घर भाकरीचें असावें हेंच स्वाभाविक. सुबत्ता आली तसतसें लोकांच्या कल्पनेंत तें घर मसाल्याच्या वड्यांचें झालें. हुम्परडिंक यानें या गोष्टीवर रचलेली संगीतिका २३ डिसेंबर १८९३ रोजीं वायमार येथें रिचर्ड श्ट्राउसच्या मार्गदर्शनाखालीं प्रथम रंगभूमीवर आली, आणि तेव्हांपासून चेटकिणीचें तें घर नाताळचेंच होऊन बसलें. भुकेच्या गोष्टींतलें घर मेजवानीच्या टेबलावर कसें येऊन बसतें, याचें हें उदाहरण विचार करण्याजोगें आहे.

न्यूरेंबर्गच्या कारखानदारांनीं यंत्रें आणलीं आणि लेबकूखेन पत्र्याच्या चित्रमय डब्यांतून परदेशीं जाऊं लागलें. त्यांतील सर्वश्रेष्ठ प्रकार ‘एलिझेन’. त्यांत बदाम, अक्रोड यांसारख्या सुक्या मेव्याचें प्रमाण निदान शेंकडा २५ असावें आणि पीठ शेंकडा १० हून अधिक नसावें, असा दंडक आहे. २ जानेवारी १९४५ च्या बाँबवर्षावांत जुनें न्यूरेंबर्ग जवळजवळ नाहींसें झालें. १९४८ सालीं नाताळचा बाजार पुन्हां भरला. १९९६ मध्यें युरोपीय संघानें ‘न्यूरेंबर्गचें लेबकूखेन’ हें नांव त्या शहराच्या हद्दींत तयार झालेल्या मालापुरतेंच राखून ठेवलें. १६४३ च्या हक्काचाच हा नवा अवतार म्हणावयाचा. क्रोएशियाच्या उत्तर भागांत मात्र तांबड्या रंगाचे, मध्यें आरसा बसविलेले मसाल्याचे बदाम अजून हातानें रंगवितात, आणि २०१० सालीं युनेस्कोनें त्या कारागिरीची मानवजातीच्या अमूर्त वारशांत नोंद केली.

जुन्या फळ्या आतां बहुतांशीं संग्रहालयांत भिंतींवर टांगलेल्या असतात. पाहणाऱ्याला त्यांतील चित्र उलटें व खोलगट दिसतें, आणि सरदारणीचा चेहरा ओळखूं यावयास थोडा वेळ लागतो. घरोघरच्या स्वयंपाकघरांत एक जुनी युक्ति मात्र जशीच्या तशी चालू आहे. भाजल्यावर मधाचीं हीं बिस्किटें दगडासारखीं कडक होतात. तेव्हां तीं पत्र्याच्या डब्यांत भरून वर सफरचंदाची एक फोड ठेवतात आणि झांकण लावतात. फोडीचा ओलावा हळूहळू बिस्किटांत उतरतो. फोड दोन-तीन दिवसांनीं बदलावी लागते, नाहींतर तिला बुरशी येते. नाताळच्या दिवसापर्यंत बिस्किटें मऊ होतात, आणि मुलांना त्या डब्यापासून दूर ठेवणें हेंच काय तें कठीण काम उरतें.